दोरीवर वाळेल तेच कपाटात : रत्नागिरीच्या उकाड्यासाठी कपडे जमवताना

गेल्या वर्षी जूनमध्ये बदली होऊन मी जळगावहून रत्नागिरीला हजर झाले. सरकारी बदल्या एप्रिल-मेमध्ये निघतात, त्यामुळे घाटावरून इथे येणारा माणूस पावसाच्या तोंडावर उतरतो. चार महिने छत्री आणि चिखल यातच जातात आणि खरा उकाडा त्याला ऑक्टोबरमध्ये भेटतो. मलाही तसाच भेटला. त्यानंतर जानेवारी ते एप्रिल या काळात मी उकाड्यात घालायचे, एकमेकांवर फिरवता येतील असे मोजके कपडे जमवले. कुठे किती पैसे लागले, कुठे अडलं, शिंप्याशी काय वाद झाले, ते लिहून ठेवते आहे. यंदाच्या बदल्यांच्या यादीत ज्यांचं नाव आहे त्यांना उपयोगी पडेल.

आधी हवेचं. जळगावला मेमध्ये ४२-४४ अंश सहज होतात. तिथे आम्ही जाड सुती, पूर्ण बाह्यांचे कपडे घालतो, डोक्याला स्कार्फ गुंडाळतो आणि ते बरोबरही आहे. हवा कोरडी असते, घाम येतो तसा उडून जातो, जाड कापड उन्हाची झळ अडवतं. रत्नागिरीत एप्रिल-मेमध्ये बहुतेक दिवस पारा ३२-३३ च्या आसपास असतो. मार्चमध्ये पूर्वेकडून कोरडा वारा आला तर ३७-३८ पर्यंत चढतो, पण ते थोडेच दिवस. आकडा ऐकून जळगावचे नातेवाईक हसतात. मात्र इथल्या हवेत आधीच इतकं पाणी असतं की घाम उडत नाही, अंगावरच राहतो. दुपारी समुद्रावरून वारा सुटेपर्यंत सकाळची वेळ तर नुसती कोंदट. अशा हवेत जाड सुती कापड एकदा भिजलं की संध्याकाळपर्यंत ओलंच. 'सुती घाला' हा सल्ला सगळे देतात. किती पातळ, किती सैल, हे कोणी सांगत नाही.

ऑक्टोबरमध्ये आधी घामोळं आलं, मग कमरेला, सलवारीच्या इलास्टिकखाली, गोल चट्टा उठला. नायटा. त्वचेच्या डॉक्टरांनी औषध दिलं आणि दोन गोष्टी बजावल्या. औषधाच्या दुकानातून स्वतःच्या मनाने स्टेरॉइड मिसळलेलं मलम आणून लावायचं नाही, त्याने चट्टा आधी विझल्यासारखा वाटतो आणि मग पसरतो. आणि कंबर कोरडी राहील असे कपडे घालायचे. तपासणीची फी आणि औषधं मिळून जे पैसे गेले त्यात दोन कुर्ते शिवून झाले असते. कपड्यांचा विषय 'बघू कधीतरी'मधून निघाला तो तेव्हा.

दिवाळी, मग नोव्हेंबर-डिसेंबरची लग्नं, यात काही झालं नाही. जानेवारीत एका रविवारी लोखंडी कपाट पूर्ण रिकामं करून सगळे कपडे पलंगावर टाकले. पावसाळ्यात अर्ध्यांना कुबट वास लागला होता, काहींवर बुरशीचे काळे ठिपके. हे ठिपके सुती कापडात मुरले की जात नाहीत. बाकीच्यांचं कापड नेमकं कशाचं आहे ते मी जाळून पाहिलं. शिवणीच्या आतल्या बाजूचे दोन-तीन धागे ओढायचे, चिमट्यात धरायचे आणि मोरीत, बशीवर, पेटवायचे. सुताचा धागा कागदासारखा जळतो आणि राख बोटाने चुरते. पॉलिस्टर वितळतं, काळा धूर सोडतं आणि टोकाला कडक मणी होतो. मिश्र कापड जळतंही आणि मणीही धरतं. मात्र रेयॉनसुद्धा सुतासारखंच जळतं, त्यामुळे ते या परीक्षेत सुटतं. रेयॉन हाताला थंड लागतं, दुकानात मोह होतो, पण पाणी फार पितं, सावकाश वाळतं आणि आटतं. 'प्युअर कॉटन' म्हणून घेतलेल्या ज्या कुर्त्यांचा मणी झाला ते जळगावला बहिणीकडे पाठवले, तिथल्या थंडीत चालतील. कपाटात राहिलं ते एवढंच : दोन पातळ सुती कुर्ते, एक निळी सुती पँट, एक मलमलची ओढणी आणि दोन सुती साड्या.

उरलेलं धुऊन दोरीवर वाळत घालत असताना घरमालकीणकाकू पडवीतून बघत होत्या. त्यांचं आयुष्य इथे सुती साड्यांत गेलं आहे. म्हणाल्या, "अगो, सुती सुती काय करत्येस? कापड पाण्यात बुडव, पिळू नको, दोरीवर टाक. जेवणं होईपर्यंत वाळलं तर ते तुझं. नाही वाळलं तर दुकानदाराचं." पुढच्या सगळ्या खरेदीला मी हीच कसोटी लावली. नव्या कापडाचा अर्धा मीटर तुकडा आधी आणायचा, सकाळी भिजवायचा, दुपारी बघायचं. दुकानदार कुरकुरतात, पण देतात.

कपडे किती हवेत, हेही दोरीनेच ठरवलं. इथे उन्हाळ्यात कपडा रोज धुवावाच लागतो, घामाचा दुसऱ्या दिवशी घालवत नाही. एप्रिलमध्ये सकाळी वाळत घातलेला पातळ कुर्ता दोन-तीन तासांत वाळतो, म्हणजे चार कुर्त्यांत आरामात भागतं. जुलैत तोच कुर्ता पंख्याखाली दोन दिवस दमट राहतो. रत्नागिरीत वर्षाला तीन हजार मिलीमीटरहून जास्त पाऊस पडतो आणि त्यातला जवळजवळ सगळा जून ते सप्टेंबरमध्ये. म्हणून मी मे महिना न बघता जुलै बघून सात कुर्ते आणि चार खालचे असा हिशेब केला.

रंगांवर दोन बंधनं होती. पहिलं सरकारी. ८ डिसेंबर २०२० च्या सामान्य प्रशासन विभागाच्या परिपत्रकात कार्यालयात साडी, सलवार-कुर्ता, ट्राउझरवर कुर्ता किंवा शर्ट आणि लागल्यास ओढणी असं सांगितलं आहे. गडद रंगाचे, चित्रविचित्र नक्षीचे कपडे नकोत, स्लिपर नको आणि शुक्रवारी खादी. बदलीच्या ठिकाणी हजर झाल्यावर हे परिपत्रक मिळवून वाचा, कारण कार्यालयागणिक त्याचा अर्थ वेगळा लावतात. आमच्याकडे बारीक छापाला कोणी काही म्हणत नाही.

दुसरं बंधन लाल मातीचं. जांभ्याच्या मातीत लोह असतं, म्हणून ती लाल आणि म्हणूनच तिचा डाग चिवट. पांढरी सलवार रत्नागिरीत एका फेरीत घोट्यापाशी विटकरी होते आणि ब्लीच टाकलं तर डाग आणखी पक्का बसतो. चिखल पूर्ण वाळू द्यायचा, ब्रशने झटकायचा आणि मगच पाणी लावायचं. मी पांढरं, मोतिया, बदामी असं सगळं कमरेच्या वर ठेवलं आणि खाली निळा, काथ्या आणि मातकट हे तीनच रंग घेतले. वरच्या रंगांत घामाचं पाहावं लागतं. राखाडी आणि मध्यम निळ्या रंगावर काखेतला ओला डाग लांबूनही दिसतो. पांढऱ्यावर, अगदी फिक्या रंगावर आणि बारीक छापावर तो लपतो. नियम एकच ठेवला : नवा कुर्ता किमान दोन खालच्यांवर गेला पाहिजे, नाहीतर घ्यायचा नाही. त्यासाठी जुन्या कपड्यांच्या शिवणीतले तुकडे कापून एका पुठ्ठ्यावर टाचले आणि तो पुठ्ठा पिशवीत ठेवला. दुकानातल्या ट्यूबलाइटवर विश्वास ठेवू नका, ताग्याचं टोक धरून दाराशी उजेडात या.

फेब्रुवारीच्या सुरुवातीला रामआळीत, इथल्या बाजारपेठेत, खरेदी सुरू केली. शनिवार-रविवारी तिथे पाय ठेवायला जागा नसते. कामाच्या दिवशी, सुटल्यावर जाणं बरं. कापड घेताना आधी पन्हा, म्हणजे कापडाची रुंदी, विचारायचा. ४४ इंची पन्ह्यात माझ्या मापाच्या कुर्त्याला अडीच मीटर पुरतं, ३६ इंची असेल तर तीन लागतं, म्हणजे मीटरमागे स्वस्त दिसणारं कापड शेवटी महाग पडू शकतं. मी घेतलं ते असं : पांढऱ्यावर निळी बारीक बुट्टी असलेलं केंब्रिक १६० रुपये मीटर, फिकं पिवळं आणि पाण्यासारखं निळं मलमल प्रत्येकी २२०, आमसुली चौकडीचं हातमागाचं कापड २६०. खालच्यांसाठी निळं आणि काथ्या पॉपलिन १८० ने सव्वादोन-सव्वादोन मीटर. लिननचा ६५० चा भाव ऐकून ताग्याला हात लावून परत आले. बिल मागून घ्या. कापडावर ५ टक्के जीएसटी असतो आणि २२ सप्टेंबर २०२५ पासून २,५०० रुपयांपर्यंतच्या तयार कपड्यांवरही ५ टक्केच आहे. तयार कुर्त्यावर कोणी १२ टक्क्यांची जुनी गोष्ट सांगत असेल तर बिलावर लिहून मागा, बहुधा आवाज खाली येतो.

चौकडीचं कापड वाळण्यात पास झालं, पण त्याचा रंग जात होता. पांढऱ्या ओल्या फडक्याने घासून पाहिलं तर फडकं गुलाबी. मीठ-व्हिनेगरने रंग पक्का होतो असं बरेच जण सांगतात. आजच्या रंगांवर त्याचा फारसा उपयोग होत नाही. तीन-चार वेळा वेगळं धुतल्यावर जादा रंग निघून गेला आणि पाणी स्वच्छ झालं. शिवल्यानंतर हे कळलं असतं तर मोतिया ओढणी गुलाबी झाली असती.

सगळं कापड शिवायला टाकण्याआधी पाण्यातून काढलं. रात्रभर साध्या पाण्यात, साबण नाही, सकाळी न पिळता सावलीत. सुती कापड पहिल्या पाण्यात तीन ते पाच टक्के आटतं. अडीच मीटरमध्ये ते तीन ते पाच इंच कमी होऊ शकतं, म्हणून काठावर मोजून घेऊ नका.

मग शिंपी. इथे माझे सगळ्यात जास्त दिवस गेले. पहिल्याने फेब्रुवारीतल्या लग्नांचे ब्लाउज दाखवले आणि हात जोडले. दुसऱ्याने कापड घेतलं, पण प्रत्येक कुर्त्याला अस्तर लावणारच यावर तो अडून बसला. "मॅडम, आरपार दिसेल, मग लोक मला नावं ठेवतील." त्याचं अस्तर म्हणजे चकचकीत सिंथेटिक, म्हणजे मलमलच्या खाली प्लास्टिकची पिशवी. कापड परत घेतलं. कार्यालयातल्या एका ताईंनी मारुती मंदिराच्या बाजूचे एक वयस्कर शिंपी सुचवले. ते हाफशर्ट आणि पायजमे शिवण्यात मुरलेले. त्यांना सगळं नीट सांगितलं आणि त्यांनी वहीत मापाशेजारी लिहूनही घेतलं. छातीला शरीराच्या मापापेक्षा चार इंच जास्त. मुंढा, म्हणजे बाही जोडतात तो काखेचा घेर, अर्धा इंच खाली. बाही कोपरापर्यंत आणि मोकळी. गळा उघडा, कॉलर नाही. दोन्ही बाजूंना कट कमरेच्या जरा खालून. अस्तर कुठेच नाही. आत सुती स्लिप घालणार, ती रोज धुतली जाईल आणि कुर्ताही जास्त टिकेल. पँटला पुढून सपाट पट्टी, फक्त मागे इलास्टिक आणि आत नाडी, म्हणजे कमरेला सगळीकडून वळ पडत नाहीत. धातूची टिचबटणं आणि हूक नकोत, खाऱ्या हवेत ते गंजतात आणि धुताना कापडावर तांबूस ठिपके उठतात. प्लास्टिकची बटणं आणि नायलॉनची चेन.

या शिंप्यांनी, भाऊंनी, सगळं ऐकलं, चष्मा वर केला आणि विचारलं, "खिसा?" प्रत्येकाला एक, तीस रुपये जादा. बायकांच्या कपड्यांना स्वतःहून खिसा विचारणारा शिंपी मला पहिल्यांदाच भेटला.

शिलाई कुर्त्याला ४५० आणि पँटला ३५०. सगळे एकदम टाकू नका. मी आधी एक कुर्ता आणि एक पँट टाकली. ती दहा-बारा दिवसांत मिळाली. घालून दिवसभर काम केलं, बसने प्रवास केला. दंडाला बाही घट्ट वाटली तेवढी सैल करून घेतली, ते माप वहीत पक्कं केलं आणि मग उरलेले दिले.

आणि शिमगा आला. यंदा होळी मार्चच्या पहिल्या आठवड्यात होती. कोकणात काम अडकवायचं असेल तर दोनच हमखास काळ, गणपती आणि शिमगा. भाऊ गावी गेले, ग्रामदेवतेची पालखी घरी येणार म्हणून. दुकानाला कुलूप आणि कुलपावर पाटी, तीवर तारीख नाही. माझे तीन कुर्ते आत आणि बाहेर मार्च सुरू. शेजारचा किराणावाला म्हणाला, "पालखी सहाणेवर गेली की येतील." सहाण म्हणजे गावातला पालखी ठेवायचा ओटा. ते आले पाडव्याच्या जरा आधी, आणि तेवढ्यात आमच्याकडे ३१ मार्चची धावपळ सुरू झाली. बिलं, कोषागार, रात्री आठला घर. कपडे आणायला एप्रिल उजाडला. तेव्हा शिमग्याआधी कपडे हातात हवे असतील तर जानेवारी संपायच्या आत शिवायला टाका.

त्या रिकाम्या काळात ऑनलाइन एक लिनन-मिश्र पँट मागवली, १,३९९ ची. आठवड्याने आली, कंबर दोन इंच मोठी. परत करायला गेले तर या पिनकोडवर पार्सल घ्यायला माणूस येत नाही, स्वतः पाठवा, असं उत्तर. स्पीड पोस्टने पाठवली. पावतीचा फोटो काढून त्यांना लगेच मेल केला. तो करा, कारण माल पोहोचूनही दोन आठवडे 'मिळाला नाही' असंच दाखवत होतं आणि पावतीचा क्रमांक दिल्यावरच पैसे परत आले. टपालाचे शंभरच्या आसपास रुपये मात्र माझेच गेले. कोकणात राहून ऑनलाइन कपडे घेताना आधी परतीची सोय आपल्या पिनकोडवर आहे का ते बघावं. मग त्याच धर्तीचं मातकट सुती-लिनन कापड ३२० रुपयांनी सव्वादोन मीटर घेतलं आणि भाऊंकडेच टाकलं.

शुक्रवारसाठी खादी भांडारातून तयार कुर्ता घेतला, १,१५० रुपयांना. तिथे पहिल्यांदा जो दाखवला तो जाड सुताचा होता, जळगावला सुंदर चालला असता. बारीक सुताची, मलमलसारखी खादी मागा. ती दुकानात असते, बहुधा मागच्या फळीवर. 'खादी मार्क'ची चिठ्ठी आहे का तेवढं बघा, म्हणजे हाताने कातलेलं-विणलेलं आहे याची खात्री होते. थांबायची तयारी असेल तर २ ऑक्टोबरच्या सुमाराला सूट असते, पण उकाडा थांबत नाही.

तीन स्लिपा १८० प्रमाणे धरून सगळा हिशेब साडेआठ हजारांच्या घरात गेला. त्यात तीन हजारांवर शिलाई आहे. तयार कपडे घेतले असते तर कमी दिवसांत झालं असतं. पण सैल मुंढा, सुती नाडी आणि खिसा एकाच कुर्त्या-पँटीत तयार मिळाला नाही.

आता एप्रिल पूर्ण याच कपड्यांत काढला आहे. पांढऱ्या बुट्टीचा आणि पिवळा कुर्ता चारही पँटींवर जातात. आमसुली चौकडी काथ्यावर डोळ्यांना टोचते, निळ्यावर आणि मातकटावर चांगली दिसते. सकाळी काय घालू हा प्रश्न उरलेला नाही आणि आठवड्यात तीच निळी पँट दोनदा आली हे अजून कोणी ओळखलेलं नाही. कमरेचा चट्टा परत उठला नाही. घामोळं येतंच, दुपारी दोनला वीज गेली की कोणताही कुर्ता थिटा पडतो.

धुण्याबद्दल थोडं. सॉफ्टनर बंद केलं, त्याने सुती कापडाची घाम टिपण्याची ताकद कमी होते. कडक खळही नाही, साड्यांनासुद्धा अगदी पातळ. कपडे उलटे करून वाळत घालायचे, नाहीतर इथलं ऊन महिन्याभरात रंग खातं. इस्त्री झाल्यावर तासभर खुर्चीवर राहू द्यायचे आणि मग कपाटात. गरम घडी लोखंडी कपाटात गेली की आत दमटपणा कोंडतो. आणि सध्या आंबे-काजूचे दिवस आहेत. देठाचा चीक आणि काजूबोंडाचा रस सुती कापडावर पडला तर तो डाग कपड्याबरोबरच जातो, म्हणून कोणी बागेत बोलावलं तर एखादा जुना पॉलिस्टर-मिश्र कुर्ता घाला.

एक गोष्ट राहिली आहे. पावसाळ्यात सुती पँट घोट्यापासून गुडघ्यापर्यंत भिजते आणि कार्यालयात पंख्याखाली बसूनही ती वाळत नाही. त्या चार महिन्यांसाठी थोडं पॉलिस्टर मिसळलेली, घोट्याच्या वर संपणारी पँट बरी, असं काकूंसकट सगळ्यांचं म्हणणं पडलं. पॉलिस्टरला मी उकाड्यात घराबाहेर ठेवलं, पावसात आत घेते आहे. नमुन्याचा तुकडा भिजवून पाहिला, तासाभरात वाळला. कापड भाऊंकडे दिलं आहे, पावतीवर २० मे लिहिलं आहे. मी २८ धरून चालले आहे.